दोन तारामती: दुर्गाबाई खोटे आणि पडद्यावरची पन्नास वर्षे

(थ्रेड)

१/
मोखाड्याचा बोहाडा ज्यांनी पाहिला आहे, त्यांना हे दृश्य ओळखीचे आहे. होळीनंतरचे दिवस, रात्रीची वेळ, संबळ आणि पिपाणीचा सूर. टेंभ्यांच्या उजेडात देवीचे सोंग नाचत येते आणि बघणाऱ्यांचे हात आपोआप जोडले जातात. मुखवट्यामागे गावातलाच एखादा पुरुष असतो. सगळ्यांना ते ठाऊक असते आणि कोणालाही ते खटकत नाही.

२/
जव्हारहून मोखाड्यावरून निघालेला रस्ता पुढे त्र्यंबकेश्वरला पोहोचतो. त्याच त्र्यंबकेश्वरी ३० एप्रिल १८७० रोजी धुंडिराज गोविंद फाळके यांचा जन्म झाला. पुढे सारा देश त्यांना दादासाहेब फाळके म्हणून ओळखू लागला. स्त्रीचे सोंग पुरुषाने घ्यावे, हा या सबंध मुलखाचा रिवाज होता. दशावतारात तो होता, तमाशातल्या नाच्यात होता, संगीत नाटकातही होता. भारतीय चित्रपटाचा आरंभ याच रिवाजाने झाला.

३/
फाळक्यांनी १९१२ मध्ये 'राजा हरिश्चंद्र' करायला घेतला, तेव्हा राणी तारामतीच्या भूमिकेसाठी त्यांना स्त्री हवी होती. ती मिळाली नाही. कॅमेऱ्यासमोर उभे राहणे हे स्त्रीच्या अब्रूला बट्टा लावणारे काम समजले जाई. फाळके कलावंतिणींच्या वस्तीतही जाऊन आले. तिथेही नकारच मिळाला. ज्या बायकांना समाज प्रतिष्ठित मानत नव्हता, त्यांनाही सिनेमा कमी प्रतीचा वाटत होता.

४/
अखेर मुंबईत ग्रँट रोडच्या एका खानावळीत काम करणारा अण्णा साळुंके हा तरुण त्यांना सापडला. सडपातळ बांधा, नाजूक हात. ३ मे १९१३ रोजी गिरगावच्या कॉरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्ये 'राजा हरिश्चंद्र' लोकांसमोर आला. हिंदुस्थानच्या पडद्यावरची पहिली तारामती एक पुरुष होता. पुढे १९१७ च्या 'लंका दहन'मध्ये याच साळुंक्यांनी राम आणि सीता या दोन्ही भूमिका केल्या.

५/
त्याच सुमारास एका आईने आणि मुलीने ही कोंडी फोडली. १९१३ च्या 'मोहिनी भस्मासुर' या चित्रपटात दुर्गाबाई कामत पार्वती झाल्या आणि त्यांची मुलगी कमलाबाई मोहिनी झाली. पतीपासून विभक्त झालेल्या दुर्गाबाई कामतांनी पोटासाठी रंगभूमी धरली होती आणि त्याबद्दल समाजाचा बहिष्कारही सोसला होता. कमलाबाई पुढे कमलाबाई गोखले म्हणून नावारूपाला आल्या. चंद्रकांत गोखले त्यांचे पुत्र, विक्रम गोखले नातू.

६/
'राजा हरिश्चंद्र'नंतर एकोणीस वर्षांनी, १९३२ मध्ये, तीच कथा पुन्हा पडद्यावर आली. या वेळी ती बोलत होती, आणि मराठीत बोलत होती. चित्रपट होता प्रभातचा 'अयोध्येचा राजा' आणि तारामती होत्या दुर्गा खोटे. एकाच भूमिकेच्या या दोन चेहऱ्यांमध्ये जे घडले, त्याचा हा इतिहास आहे. त्यानंतरची पन्नास वर्षे त्याहून अधिक बोलकी आहेत.

७/
१४ जानेवारी १९०५ रोजी मुंबईत त्यांचा जन्म झाला. माहेरचे नाव विटा लाड. मूळ गोव्याचे हे सारस्वत कुटुंब गिरगावातल्या कांदेवाडीत राहत असे आणि घरात कोकणी बोलली जाई. वडील पांडुरंग शामराव लाड कायद्याच्या व्यवसायात होते. मुलीचे शिक्षण कॅथेड्रल शाळेत आणि पुढे सेंट झेवियर्स महाविद्यालयात झाले. त्या काळच्या मराठी मुलीच्या वाट्याला फारच क्वचित येणारे हे शिक्षण होते.

८/
शिक्षण चालू असतानाच खोटे घराण्यात विवाह झाला. पती विश्वनाथ खोटे बनारसला शिकलेले यंत्र अभियंते. सासर सधन होते. पण काही वर्षांतच घराण्याची आर्थिक घडी विस्कटली आणि ऐश्वर्य ओसरले. पदरी बकुल आणि हरिन हे दोन लहान मुलगे. पुढे पतीचेही अकाली निधन झाले. 'कुलीन घराण्यातली सून' ही ओळख कायम राहिली. त्या ओळखीवर घर मात्र चालत नव्हते.

९/
दुर्गाबाईंनी आधी शिकवण्या केल्या. शिकलेल्या स्त्रीला समाज देऊ करत असलेले ते एकच 'सभ्य' काम होते आणि त्याची मिळकत तुटपुंजी होती. सिनेमाकडे त्या वळल्या त्या मिळकतीसाठी. ही गोष्ट नोंदवणे आवश्यक आहे, कारण नंतरच्या गौरवलेखांत ती हळूहळू मागे पडली आणि 'कलेच्या ओढीने उंबरठा ओलांडणारी कुलस्त्री' हे चित्र पुढे आले. तो उंबरठा आधी गरजेने ओलांडला गेला होता.

१०/
पहिला अनुभव कडू होता. १९३१ मध्ये मोहन भवनानी यांच्या 'फरेबी जाल' या चित्रपटात त्यांनी एक लहानशी भूमिका केली. पडद्यावर जेमतेम दहा मिनिटांचे काम. उरलेल्या चित्रपटात काय आहे, याची त्यांना कल्पना नव्हती. चित्रपट प्रदर्शित झाला तेव्हा त्यातला मजकूर सवंग निघाला आणि टीकेचा भडिमार झाला. दोन प्रतिष्ठित घराण्यांची नावे चव्हाट्यावर आली. कारकीर्द तिथेच संपावी असा तो प्रसंग होता.

११/
पण काळ फिरत होता. १४ मार्च १९३१ रोजी मुंबईच्या मॅजेस्टिक चित्रगृहात 'आलम आरा' झळकला आणि पडद्याला वाणी मिळाली. मूकपटात चेहरा पुरत असे. बोलपटाला शुद्ध उच्चार आणि गाता गळा हवा होता. मूकपटांची सर्वांत मोठी तारका सुलोचना, म्हणजे रूबी मायर्स, हिलाही हिंदुस्थानी शिकण्यासाठी काही काळ थांबावे लागले. एका तांत्रिक बदलाने कोणाला काम मिळेल, याची सगळी गणिते उलटली.

१२/
कोल्हापुरात १ जून १९२९ रोजी स्थापन झालेली प्रभात फिल्म कंपनी तेव्हा आपल्या पहिल्या बोलपटाच्या तयारीत होती. व्ही. शांताराम यांनी 'फरेबी जाल'मधली ती दहा मिनिटे पाहिली होती. इतरांना जिथे बदनामी दिसली, तिथे त्यांना आपली तारामती दिसली. हरिश्चंद्र झाले गोविंदराव टेंबे, गंगानाथ बाबुराव पेंढारकर, नारद मास्टर विनायक आणि तारामती दुर्गा खोटे.

१३/
'अयोध्येचा राजा' मराठी आणि हिंदी अशा दोन भाषांत एकाच वेळी चित्रित झाला. एका प्रसंगाचे मराठी चित्रण संपले की तोच प्रसंग हिंदीत पुन्हा उभा करायचा. पार्श्वगायनाची सोय अजून आली नव्हती. गाणे कॅमेऱ्यासमोर, अभिनय करता करताच म्हणावे लागे आणि वादक चौकटीबाहेर बसून साथ करत. सूर चुकला तर सगळा प्रसंग पुन्हा. दुर्गाबाईंनी आपली गाणी स्वतः गायली.

१४/
ज्या देशात एकोणीस वर्षांपूर्वी तारामतीसाठी स्त्री मिळत नव्हती, तिथे काशीच्या बाजारात विकली जाणारी राणी आता एका सुशिक्षित, घरंदाज स्त्रीच्या आवाजात बोलत होती. काही महिन्यांपूर्वी ज्या समाजाने त्यांना नावे ठेवली, तोच समाज 'अयोध्येचा राजा' पाहायला आला आणि मुलाबाळांना घेऊन आला. पौराणिक कथेचे कवच मोठे होते. सतीच्या भूमिकेत उभ्या राहिलेल्या स्त्रीला लोक क्षमा करायला तयार होते.

१५/
इथे इतिहासाच्या अभ्यासकाने एका शब्दाजवळ थांबावे. दुर्गाबाईंना अनेकदा 'चित्रपटात आलेली पहिली कुलीन स्त्री' म्हटले जाते. हा दावा नोंदींवर टिकत नाही. दुर्गाबाई कामत आणि कमलाबाई त्यांच्याआधी अठरा वर्षे पडद्यावर आल्या होत्या आणि त्याही ब्राह्मण घरातल्याच होत्या. त्यांच्यामागे पैसा नव्हता, इंग्रजी शिक्षण नव्हते, मुंबईतले वजनदार नातलग नव्हते. म्हणून त्यांच्या वाट्याला बहिष्कार आला आणि 'पहिली' हे बिरुद मात्र दुसरीकडे गेले.

१६/
म्हणजे 'कुलीन' हा शब्द जन्माबरोबर वर्गही सांगत होता. सिनेमा धंद्याला या शब्दाची गरज होती. मध्यमवर्गीय प्रेक्षक चित्रगृहात आणायचा तर चित्रपट सभ्य आहे, हे पटवावे लागे आणि सुशिक्षित नायिका हा त्याचा पुरावा ठरे. दुर्गाबाईंचे वेगळेपण यापुढे सुरू होते. धंद्याने त्यांच्या नावाचा उपयोग केला, तसाच त्यांनीही आपल्या नावाचा उपयोग स्वतःच्या अटींवर काम मिळवण्यासाठी केला.

१७/
तारामतीनंतर त्यांना जन्मभर सोशिक सतीच्या भूमिका करता आल्या असत्या. पण त्याच वर्षी प्रभातच्या 'माया मच्छिंद्र'मध्ये त्या पुरुषांचा तिरस्कार करणारी स्त्रीराज्याची राणी झाल्या. पायाशी जिवंत चित्ता, डोळ्यांत जरब. एका वर्षात बाजारात विकली जाणारी राणीही त्याच आणि पुरुषांवर हुकूम चालवणारी राणीही त्याच. पडद्यावरच्या स्त्रीला एवढा मोठा पल्ला असू शकतो, हे मराठी प्रेक्षकाने तेव्हा पाहिले.

१८/
तिथून वाट कलकत्त्याला गेली. न्यू थिएटर्सच्या 'राजरानी मीरा' (१९३३) या देवकी बोस दिग्दर्शित चित्रपटात त्या मीरा होत्या. देवकी बोस यांनीच ईस्ट इंडिया फिल्म कंपनीसाठी 'सीता' (१९३४) केला. सीता दुर्गाबाई, राम पृथ्वीराज कपूर. हा चित्रपट व्हेनिसच्या महोत्सवात दाखवला गेला. कांदेवाडीत कोकणी, कोल्हापुरात मराठी आणि कलकत्त्याच्या स्टुडिओत हिंदी, असा हा तीन भाषांचा संसार होता.

१९/
मीरेच्या भूमिकेला एक पुरवणी आहे. स्त्रीभूमिकांचे अनभिषिक्त सम्राट बालगंधर्व १९३५ मध्ये प्रभातच्या 'धर्मात्मा'त आले ते एकनाथ म्हणून, पुरुषाच्याच भूमिकेत. १९३७ मध्ये 'साध्वी मीराबाई'त त्यांनी पडद्यावर मीरा केली. रंगभूमीवरची जादू तिथे उतरली नाही. बोहाड्यात टेंभ्यांचा उजेड आणि नाटकात प्रेक्षकांपासूनचे अंतर सोंगाला साथ देते. कॅमेरा अगदी चेहऱ्याजवळ येतो. पडद्यावर ती परंपरा संपली होती.

२०/
आता पैशाचा आणि कराराचा प्रश्न. त्या काळी नट-नटी कंपनीचे पगारी नोकर असत. महिन्याचा पगार ठरलेला, करार एकाच कंपनीशी; दुसरीकडे काम करायला मनाई. दुर्गाबाईंनी प्रभातशी घनिष्ठ संबंध ठेवूनही हे बंधन झुगारले. प्रभात, न्यू थिएटर्स, ईस्ट इंडिया, प्रकाश पिक्चर्स अशा वेगवेगळ्या कंपन्यांत त्यांनी चित्रपटागणिक काम केले. स्वतंत्रपणे काम करणाऱ्या पहिल्या काही कलाकारांत त्यांची गणना होते.

२१/
हे किती अवघड होते, ते शांता आपटे यांच्या उदाहरणावरून कळते. 'कुंकू'तल्या नीरेच्या भूमिकेने घराघरांत पोहोचलेल्या या अभिनेत्रीने १९३९ मध्ये कराराच्या वादातून पुण्याच्या प्रभात स्टुडिओच्या दारात उपोषण केले. पुढच्याच वर्षी त्यांनी 'जाऊ मी सिनेमात?' हे पुस्तक लिहून या धंद्याचे अर्थकारण उघडे केले. एकीने दारात बसून लढा दिला, दुसरीने त्या दारातून ये-जा करण्याचा हक्क आधीच मिळवून ठेवला. दोघींचा प्रश्न एकच होता: श्रम कोणाचे आणि त्याची किंमत कोण ठरवणार?

२२/
१९३३ मध्ये प्रभात पुण्याला आली आणि १९३६ मध्ये तिथे 'अमर ज्योती' तयार झाला. दुर्गाबाईंची सौदामिनी ही मराठी माणसाने पडद्यावर आणलेल्या सर्वांत धगधगत्या स्त्रियांपैकी एक. कायदा तिला तिच्या मुलाचा ताबा नाकारतो. न्याय मागायला गेलेली आई अपमानित होऊन परतते आणि समुद्रावर चाचेगिरी सुरू करते. ज्या मंत्र्याने तिला नाकारले, त्याच्यावर ती सूड उगवते.

२३/
१९३६ साली 'मुलावर हक्क कोणाचा' हा प्रश्न केवळ कथेतला नव्हता. विवाहित हिंदू स्त्रीला तेव्हा घटस्फोटाचा सार्वत्रिक कायदेशीर मार्ग नव्हता आणि मुलांचा नैसर्गिक पालक बापच समजला जाई. 'अमर ज्योती'ने पोशाख आणि जहाजे कल्पित राज्याची वापरली. राग मात्र आपल्या घरातला होता. हाही चित्रपट व्हेनिसला दाखवला गेला. पुढच्या वर्षीच्या सुमारास 'साथी'च्या निमित्ताने दुर्गाबाई निर्मितीतही उतरल्या.

२४/
तिशी उलटली की नायिकेची कारकीर्द उताराला लागते, हा धंद्याचा नियम. दुर्गाबाईंनी त्या उतारावर नवी वाट काढली. आचार्य अत्रे यांच्या 'पायाची दासी' (१९४१) मध्ये त्या वनमालाबाईंच्या सुनेला छळणारी सासू झाल्या. वय तेव्हा ३६. विजय भट्ट यांच्या 'भरत मिलाप' (१९४२) मध्ये त्या कैकेयी होत्या. आठ वर्षांपूर्वीची सीता आता सीतेला वनवासाला धाडणारी सावत्र सासू होती. 'चरणों की दासी' आणि 'भरत मिलाप' या दोन्ही भूमिकांना बंगालच्या चित्रपट पत्रकार संघाने उत्कृष्ट अभिनेत्रीचा मान दिला.

२५/
१९४३ मध्ये सोहराब मोदींच्या 'पृथ्वी वल्लभ'मध्ये त्या मृणालवती झाल्या. कन्हैयालाल मुन्शी यांच्या कादंबरीतली ही कठोर, विरागी राजस्त्री बंदिवान मुंजाला वाकवायला निघते आणि स्वतःच ढासळते. या तीन भूमिकांतले साम्य लक्षणीय आहे. सासू, कैकेयी, मृणालवती: तिन्ही स्त्रियांच्या हाती सत्ता आहे आणि तिन्हींकडे प्रेक्षकाची सहानुभूती सहज जात नाही. प्रेक्षकाला आवडण्याची चिंता सोडून दिलेली अभिनेत्रीच अशा भूमिका घेऊ शकते.

२६/
रंगभूमीशी नातेही तितकेच सच्चे होते. मुंबई मराठी साहित्य संघाच्या नाटकांत त्यांनी कामे केली. वि. वा. शिरवाडकरांनी शेक्सपिअरच्या 'मॅकबेथ'वरून लिहिलेल्या 'राजमुकुट'मधली महत्त्वाकांक्षी राणी त्यांनी उभी केली. १९५८ मध्ये मराठी रंगभूमीवरील अभिनयासाठी संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार त्यांना मिळाला. पुरुषांनी घडवलेल्या स्त्रीभूमिकांच्या रंगभूमीवर एका स्त्रीला मिळालेला हा सन्मान होता.

२७/
घरातही रंगभूमी होती आणि दुःखही होते. धाकटे पुत्र हरिन यांचे अकाली निधन झाले. त्यांच्या पत्नी म्हणजे पुढे मराठी रंगभूमीला नवे वळण देणाऱ्या दिग्दर्शिका विजया मेहता. पती विश्वनाथ यांचे बंधू नंदू खोटे हे मूकपटांच्या काळातले नट. शुभा खोटे आणि विजू खोटे ही त्यांची मुले. ज्या घराण्याच्या अब्रूची १९३१ मध्ये एवढी चर्चा झाली, ते घराणे नंतर ओळखले गेले ते नट-नट्यांमुळेच.

२८/
१९६० चा 'मुघल-ए-आझम' बहुतेकांना त्यांच्या जोधाबाईमुळे आठवतो. एका बाजूला सम्राट पती, दुसऱ्या बाजूला बंडखोर मुलगा आणि मध्ये आई. अकबर होते पृथ्वीराज कपूर, म्हणजे २६ वर्षांपूर्वीचे त्यांचे राम. १९६३ च्या 'द हाउसहोल्डर'मध्ये त्या पृथ्वीराजांचे पुत्र शशी कपूर यांच्या आई झाल्या. १९७३ मध्ये राज कपूर यांच्या 'बॉबी'त आणि १९८० मध्ये 'कर्ज'मध्ये नातू ऋषी कपूर त्यांच्यासमोर उभे होते.

२९/
एका घराण्यातील नायकांच्या तीन पिढ्या बदलल्या आणि समोरची अभिनेत्री तीच राहिली. हिंदी चित्रपटाचा इतिहास बहुधा नायकांच्या पिढ्यांनी मोजला जातो. तो दुर्गाबाईंच्या वयाने मोजला तर वेगळा दिसतो. पुरुष नायक म्हणून म्हातारा होत जातो, स्त्री मात्र प्रेयसीवरून थेट आईवर येते. 'बावर्ची', 'अभिमान' अशा चित्रपटांत छोट्या भूमिकांनाही त्यांनी स्वतःचा स्वभाव दिला. 'बिदाई' (१९७४) मधल्या आईसाठी त्यांना साहाय्यक अभिनेत्रीचे फिल्मफेअर पारितोषिक मिळाले, तेव्हा त्या सत्तरीच्या होत्या.

३०/
पडद्यामागचे काम याहून कमी प्रसिद्ध आहे. स्वातंत्र्यानंतरच्या दशकात त्यांनी 'फॅक्ट फिल्म्स' ही संस्था उभी केली आणि पुढे 'दुर्गा खोटे प्रॉडक्शन्स'. अनुबोधपट, लघुपट, जाहिरातपट यांची निर्मिती तिथे वर्षानुवर्षे चालली. भूमिका मिळण्याची वाट पाहत बसावे लागू नये, अशी ही व्यवस्था होती. पडद्यावर आईच्या भूमिका करणारी ही स्त्री कार्यालयात मालकीण होती.

३१/
१९८८ मध्ये दूरदर्शनवर 'वागले की दुनिया' आली. आर. के. लक्ष्मण यांच्या सामान्य माणसावर बेतलेली, कुंदन शाह दिग्दर्शित ही मालिका दुर्गा खोटे प्रॉडक्शन्सची होती. अंजन श्रीवास्तव आणि भारती आचरेकर यांनी रंगवलेले ते मध्यमवर्गीय दांपत्य घराघरांत पोहोचले. मूकपटात पहिले पाऊल टाकलेल्या स्त्रीचे नाव आता दूरचित्रवाणीच्या श्रेयनामावलीत होते. मूकपट, बोलपट, रंगीत चित्रपट, दूरदर्शन: चार युगे एका आयुष्यात मावली.

३२/
१९८२ मध्ये त्यांचे आत्मचरित्र प्रसिद्ध झाले. नाव: 'मी, दुर्गा खोटे'. पुढे शांता गोखले यांनी ते इंग्रजीत नेले. या नावातला स्वल्पविराम वाचण्यासारखा आहे. विटा लाड या मुलीला 'दुर्गा खोटे' हे नाव लग्नाने मिळाले. पण त्या नावाला जो अर्थ आला, तो तिच्या कामातून. आधी 'मी', मग ते नाव.

३३/
१९६८ मध्ये पद्मश्री आणि १९८३ साठीचा दादासाहेब फाळके पुरस्कार असे मान त्यांना लाभले. त्याआधी देविका राणी, सुलोचना (रूबी मायर्स) आणि कानन देवी या अभिनेत्रींना तो मिळाला होता. मराठी अभिनेत्रीला तो प्रथमच मिळत होता. ज्या गृहस्थाला १९१२ मध्ये आपल्या तारामतीसाठी स्त्री सापडली नव्हती, त्याच्या नावाचे पदक सत्तर वर्षांनी एका तारामतीच्या हाती आले.

३४/
उत्तरायुष्याचा काही काळ त्यांनी अलिबागला काढला. २२ सप्टेंबर १९९१ रोजी त्यांचे निधन झाले. मागे सुमारे २०० चित्रपट राहिले. भारतीय चित्रपटाच्या शताब्दीनिमित्त ३ मे २०१३ रोजी टपाल खात्याने जी तिकिटे काढली, त्यांतील एकावर दुर्गा खोटे आहेत. ३ मे म्हणजे 'राजा हरिश्चंद्र'च्या पहिल्या जाहीर खेळाचा दिवस.

३५/
या आयुष्यातून एक धडा उचलायचा तर तो 'पहिली कोण' या प्रश्नाबद्दलचा आहे. पहिलेपणाचा मान नोंदीपेक्षा प्रतिष्ठेकडे अधिक झुकतो; दुर्गाबाई कामतांची गोष्ट त्याची साक्ष देते. दुर्गाबाई खोटे यांचे मोठेपण पहिल्या असण्यात शोधायचे कारण नाही. त्या टिकल्या. बदनामीनंतर टिकल्या, वय वाढल्यावर टिकल्या, तंत्र बदलल्यावर टिकल्या. आपल्या कामाची किंमत त्यांनी अखेरपर्यंत स्वतः ठरवली.

३६/
मोखाड्यात आजही बोहाड्याच्या रात्री देवीचे सोंग नाचते. पहाट झाली की मुखवटा उतरतो आणि माणूस आपल्या कामाला लागतो. अण्णा साळुंक्यांची तारामतीही अशीच लुगडे उतरवून ठेवणारी होती. दुर्गाबाईंनी तारामती केली तेव्हा भूमिका संपल्यावर उरणारा चेहरा स्त्रीचाच होता. निंदा आणि कौतुक ती दोन्ही त्याच चेहऱ्याने घेऊन घरी गेली, आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा कामावर आली.

(समाप्त)